बिनखुणेचा पाव

दौंड आणि पाटसच्या मधल्या एका रेल्वे फाटकावर गौतमी भालेराव रुजू झाली, तेव्हा पहिले सहा महिने तिनं नुसत्या शिव्या खाल्ल्या. फाटक लागलं की लोकांना वाटायचं, या बाईनंच आपल्याला अडवून धरलंय. कुणी बाजाराला निघालेलं, कुणी लग्नाला, कुणी कोर्टाच्या तारखेला. सगळ्यांची घाई तिच्या एकटीच्या डोक्यावर. तिचा नवरा याच लाईनवर गँगमन होता. तो काविळीनं गेला आणि त्याच्या जागी अनुकंपा तत्त्वावर तिला घेतलं. दहावी पास, वय छत्तीस, पदरात भाग्यश्री नावाची एक मुलगी. स्टेशनातून मास्तरांचा फोन आला की वहीत नोंद करायची, फाटक पाडायचं, झेंडी घेऊन उभं राहायचं. काम तसं अवघड नव्हतं. अवघड होतं ते गाडी जाईपर्यंत लोकांच्या तोंडाकडं बघत उभं राहणं.

वाचनाचा नाद तिला लहानपणापासूनचा. दौंडातल्या एका वाचनालयाची ती सभासद होती. कपाटातली कादंबऱ्यांची रांग वाचून संपली, तेव्हा ग्रंथपालानं खालच्या फळीवरचं एक जाडजूड पुस्तक तिच्यापुढं ठेवलं. पुठ्ठ्यावरचं नाव उंदरानं खाल्लेलं. आत देशोदेशीच्या जुन्या गोष्टी होत्या, मराठीत केलेल्या. तिनं ते घरी नेलं आणि तिला वेगळंच वेड लागलं. कादंबरीत माणूस हळूहळू कळतो. इथं पाच-सात पानांत एक अख्खं गाव उभं राहायचं, त्यात कुणाचं तरी काहीतरी व्हायचं आणि गोष्ट संपायची. ती संपल्यावर मात्र गौतमीला बसल्या जागी बसवत नसे. ते गाव आता काय करत असेल, असं वाटत राही. भाग्यश्रीचा शाळेचा नकाशा काढून ती देश शोधायची. बर्च म्हणजे कसलं झाड, बर्फावरून ओढायची गाडी कशी असते, तिकडं शेळ्या असतात का, हे ती मुलीला विचारायची आणि मुलगी वैतागायची.

एकदा एक मालगाडी सिग्नलला अडकली आणि फाटक पाऊण तास बंद राहिलं. लोक चिडले. दोघं-तिघं फाटकाचा दांडा धरून हलवायला लागले. गौतमीला काय करावं सुचेना, तेव्हा तिच्या तोंडून एकदम निघून गेलं, "आप्पा, गाडी येईस्तवर एक गोष्ट सांगू का?"

दांडा हलवणारा माणूस हौसराव होता. भाजीचा टेम्पो घेऊन तो रोज दौंडच्या बाजारात यायचा. मूळचा इनामगावचा, आता मुलीच्या गावी राहायला आलेला. त्यानं डोळे मोठे केले. "गोष्ट? आमी काय बालवाडीतली पोरं हाय का?"

तरी तिनं सांगितली. जपानकडच्या एका छत्रीवाल्याची. गिऱ्हाईक छत्री दुरुस्तीला टाकून गेलं ते परत आलंच नाही, आणि हा बाबा दर वर्षी त्या छत्रीचं कापड नवं करत राहिला. सांगता सांगता गाडी आली नि गेली. फाटक उघडलं, तरी चार माणसं तिथंच उभी होती.

"आला का मग त्यो?" हौसरावनं विचारलं.

"उद्या सांगते. मागं हॉर्न वाजाया लागलेत."

दुसऱ्या दिवशी हौसराव दहा मिनिटं आधीच आला.

तेव्हापासून ते सुरू झालं. पुस्तक ती ड्युटीवर कधीच आणत नसे. फोन वाजला की गोष्ट तिथंच थांबायची. पुढं राजा मरत असो की जहाज बुडत असो. वहीतली नोंद, झेंडी, फाटक आधी. पण मधल्या दहा-बारा मिनिटांत ती आदल्या दिवशी वाचलेली गोष्ट आपल्या शब्दांत सांगायची. भाजी विकणारी दगडाबाई डोक्यावरची पाटी खाली ठेवून पायावर बसायची. झेडपीच्या शाळेतली नीलम मॅडम लुना बंद करून ऐकायची. कुरकुंभच्या एमआयडीसीकडं निघालेले ट्रकवाले केबिनमधून मान बाहेर काढायचे. शिव्या कुठल्या कुठं गेल्या.

अठ्ठ्याण्णव सालच्या थंडीत गौतमी त्या पुस्तकातल्या पावाच्या गोष्टीपाशी पोचली.

ती गोष्ट अशी होती. युरोपात कुठंतरी डोंगरात एक गाव. इतकी थंडी, की लाकडाची काटकी म्हणजे सोनं. म्हणून अख्ख्या गावाला पाव भाजायला एकच भट्टी. प्रत्येक घरची बाई पहाटे आपल्या पिठाचे गोळे आणून भट्टीजवळच्या फळीवर ठेवायची. कुणाचे गोळे कुठले हे कळावं म्हणून प्रत्येक घराची एक खूण ठरलेली. कुणाचं पान, कुणाचा मासा, कुणाच्या तीन रेघा. ती पिठावर दाबायची. भट्टी सांभाळायची मार्ता नावाची म्हातारी. एका पहाटे मार्तानं गोळे मोजले, तर एक जास्त. त्यावर खूणच नाही. तिनं तो भाजला, फळीवर ठेवला. कुणी नेला नाही. जंगलातून आलेल्या एका लाकूडतोड्यानं संध्याकाळी तो खाल्ला. दुसऱ्या दिवशी पुन्हा एक बिनखुणेचा गोळा. तिसऱ्या दिवशीही.

आधी गाव हसलं. मग कुजबुज सुरू झाली. कुणाच्या तरी घरातलं पीठ चोरीला जातंय, म्हणाले. कुणी करणीचं नाव काढलं. दोन जावा एकमेकींच्या झिंज्या धरेपर्यंत गेल्या. शेवटी गावच्या मुखियानं सांगितलं, हा गोळा कोण ठेवतं ते रविवारपर्यंत कळलं नाही, तर भट्टी बंद. भट्टी बंद म्हणजे गाव उपाशी. तेव्हा मार्ता भल्या पहाटे सगळ्यांच्या आधी आली आणि लाकडांच्या ढिगाआड दडून बसली.

गौतमीनं हे सगळं फाटकावर सांगितलं. त्या दिवशी दोन्ही बाजूंनी गाड्या होत्या, वेळ भरपूर मिळाला. दगडाबाई मधेच म्हणाली होती, "म्हंजी आपल्या पिठाच्या गिरणीवानी की गं! डब्याला रंगानं नाव घालत्यात तसं."

"तसंच, मावशी."

"आमच्या इनामगावाला त्ये पुण्याचे लोक उकराया आलते," हौसराव म्हणाला, "तवा मी हाताखाली व्हतो. तीन हजार वर्सांच्या चुली निघाल्या भुईतनं. भट्ट्या बी. पर कुणाची कुठली चूल, कुणाला म्हाईत?"

"गप ऱ्हावा वो," नीलम मॅडम म्हणाली, "मार्ता लपलीय तिकडं."

"तर मार्ता लपून बसली," गौतमी म्हणाली. "लई गारठा. हातपाय बधिर झाले. आन् मग दार हळूच लोटलं गेलं. थंडीची झुळूक आत आली. मार्तानं मान वर केली आन्…"

ती थांबली.

"आन् काय?" चार-पाच जण एकदम ओरडले.

"पुढचं पानच न्हाई."

कुणाचाच विश्वास बसला नाही. हौसराव तर रागानं लालच झाला. "मुद्दाम करता व्हय बाई? उद्या परत यावं म्हणून?"

पण खरंच पान नव्हतं. एकशे बारावर ते वाक्य अर्धवट तुटलेलं आणि लगेच एकशे पंधरा, दुसऱ्याच देशाची दुसरीच गोष्ट. शिवणीपाशी बोट फिरवलं की कापल्याची सरळ धार हाताला लागायची. पान कुणी रागानं फाडलेलं नव्हतं, जपून काढून घेतलेलं होतं. हे गौतमीच्या लक्षात आलं, आणि तेच तिला जास्त छळायला लागलं. कुणाला नको होता तो शेवट? की कुणाला फारच हवा होता?

त्या आठवड्यात फाटकावर दुसरा विषयच नव्हता. हौसरावचं ठाम मत, की गोळा ठेवणारा मुखियाच. "पिठात काटा मारत आसंल. मन खात आसंल त्याला. म्हणून गुपचूप परत आणून ठेवतो." दगडाबाई म्हणाली, "सून आसंल कुणाची तरी. म्हायेरचा बाप उपाशी आसंल जंगलात. सासूम्होरं खूण कशी दाबायची?" नीलम मॅडमला वाटायचं, मार्ताच झोपेत करत असणार. एक बिहारी ट्रकवाला खाली उतरून आला, सगळं नीट विचारून घेतलं आणि म्हणाला, "बहनजी, ये तो हमारे गोपालगंज का किस्सा है. वहाँ चूल्हा नहीं, कुआँ था." आणि ट्रक घेऊन गेलाही. विहिरीचं काय झालं ते सांगायचं तो विसरला, म्हणून लोक दोन दिवस त्याच्यावरही चिडून होते.

गौतमीच्या मनातही एक उत्तर होतं. ते तिनं कुणाला सांगितलं नाही.

ग्रंथपालाला विचारलं तर त्यानं खांदे उडवले. मग तिनं पुस्तकाचं आतलं पहिलं पान फाटकावर तोंडपाठ म्हणून दाखवलं. साल एकोणीसशे एकोणसत्तर. मराठी अनुवाद, बापूसाहेब दुर्गे, शिरूर.

हौसरावनं मांडीवर थाप मारली. "आरं तिच्या! दुर्गे गुरुजी? त्ये इनामगावाला मास्तर व्हते आमाला. इंग्रजीची बुकं वाचायचे झाडाखाली बसून. हायती अजून. शिरूरला, रामलिंगाच्या रस्त्याला घर हाय त्यांचं."

पुढच्या रेस्टच्या दिवशी गौतमीनं भाग्यश्रीला शाळेत धाडलं, पुस्तक कापडी पिशवीत घातलं आणि न्हावऱ्यावरून जाणारी शिरूरची एस.टी. धरली. सगळी वाट ती खिडकीपाशी बसून मनात वाक्यं जुळवत होती. अनोळखी माणसाच्या दारात जाऊन म्हणायचं काय? तीस वर्षांपूर्वी तुम्ही लिहिलेलं एक पान हरवलंय, ते द्या? तिचं तिलाच हसू येत होतं.

घर सापडायला वेळ लागला नाही. पुढं पेरूचं झाड, ओट्यावर लोखंडी खुर्ची, खुर्चीत पंचाहत्तरीचे गुरुजी. डोळ्याला जाड भिंगाचा चष्मा असूनही वर्तमानपत्र नाकाला लावून वाचत होते. गौतमीनं नमस्कार केला, आपलं नाव-गाव सांगितलं, हौसरावचं नाव घेतलं. मग पिशवीतून पुस्तक काढून त्यांच्या हातात दिलं.

गुरुजींनी ते नुसतं चाचपलं आणि ओळखलं. "हे अजून वाचतं कोण?"

"आमी वाचतो. म्हंजी मी वाचते आन् फाटकावर सांगते. चाळीस-पन्नास माणसं खोळंबल्यात तुमच्या शेवटासाठी."

तिनं सगळं सांगितलं. टेम्पो, लुना, बिहारी ट्रकवाला, हौसरावचा मुखियावरचा संशय. गुरुजी आधी मोठ्यानं हसले. पण पानाचं ऐकल्यावर त्यांचं हसू मावळलं.

"कुठल्या वाचनालयातलं हे?"

"दौंडच्या."

त्यांनी चष्मा काढून धोतरानं पुसला. बराच वेळ पुसत राहिले. "दौंडचं पान मीच कापलं," ते म्हणाले. "ब्लेड घेऊन गेलो होतो. शिरूर, दौंड, बारामती, नगर. अकरा प्रती सापडल्या मला. बाकीच्यांचं काय झालं, माहीत नाही."

गौतमीला वाटलं आपण चुकीचं ऐकलं. "तुमचंच पुस्तक? तुमीच?"

तेवढ्यात आतून आवाज आला. "या की आत. उन्हात काय बसवून ठेवलंय त्यांना?"

दारात गुरुजींची बायको उभी होती, मुक्ताबाई. बुटकी, ताठ, हाताला पीठ लागलेलं. गौतमी उंबऱ्याशी जराशी घुटमळली. जुनी सवय, पायालाच लागलेली. मुक्ताबाईंनी तिच्या हातातली पिशवी घेतली आणि माजघरात सतरंजी अंथरली. स्वतः मात्र चुलीपाशी जाऊन बसल्या, बोलणं ऐकू येईल अशा.

गुरुजी सांगायला लागले. मूळ गोष्ट त्यांनी इंग्रजीतून घेतली होती. शब्द न् शब्द इमानानं उतरवला. पण पुण्याचा प्रकाशक म्हणाला, गुरुजी, याचा शेवट अर्धवट आहे, वाचक पुस्तक फेकून देईल. तुम्हीच दुसरा लिहा.

"त्याच वर्षी आमची सुमन गेली होती," गुरुजी म्हणाले. "नऊ वर्षांची. तापानं. माझी आई धरून घरात आम्ही चौघं होतो, तिघं उरलो. आणि ही रोज चौघांच्या भाकरी थापायची. एक उरायची. मी काही बोललो नाही कधी. पण शेवट लिहायला बसलो आणि तेच लिहून गेलो. की मार्तानं मान वर करून पाहिलं तर गावातलीच एक आई. तिचं पोर तळ्यात बुडून गेलेलं. हाताला चौघांचं मळायची सवय. गोळा तर होतो, पण त्यावर घराची खूण कशी दाबायची? खाणारं घरात नाही. मार्ता तिला पोटाशी धरते. दोघी रडतात. आणि दुसऱ्या दिवशी ती आई तिघांचेच गोळे आणते."

गौतमीच्या डोळ्यांत पाणी आलं. "चांगलाच हाय की शेवट."

"सगळ्यांना आवडला. पत्रं आली. त्या परक्या लेखकाचं लोकांनी कौतुक केलं, काय त्याला आईचं काळीज कळतं म्हणून. मी कुणाला सांगितलं नाही की हे त्याचं नाही. मग हिनं पुस्तक वाचलं. वाचून आठ दिवस माझ्याशी बोलली नाही. मला कळलं, मी घरातलं दुःख चव्हाट्यावर मांडलं. म्हणून ब्लेड घेतलं."

चुलीपाशी भाकरी थापायचा आवाज थांबला.

"मी कवा म्हटलं कापा म्हणून?" मुक्ताबाई म्हणाल्या.

गुरुजींनी मान वळवली.

"चव्हाट्यावर मांडलं म्हणून राग न्हवता आला मला," त्या पुढं म्हणाल्या. त्यांचा आवाज चढला नव्हता, पण एकेक शब्द जागच्या जागी पडत होता. "तुमच्या गोष्टीतली ती बाई दुसऱ्या दिवशी तिघांचंच करती. म्हंजी झालं. रडली, मोकळी झाली. माझं कुठं झालं होतं? अजून तरी झालंय का? तुमी मला न विचारता संपवून टाकलंत, त्याचा राग आला."

"तीस वर्षांत बोलली नाहीस…"

"तुमी इचारलं का?"

बाहेर पेरूवर साळुंक्या भांडत होत्या. गौतमीला वाटलं, उठून जावं. आणि वाटलं, हलूच नये. शेवटी गुरुजीच उठले. भिंत धरत आतल्या खोलीत गेले आणि एक जुनं इंग्रजी पुस्तक घेऊन आले. ते उघडण्याआधी त्यांनी, वर्गात विचारावं तसं, विचारलं, "खरा शेवट सांगतो. पण आधी तुम्ही सांगा. तुम्हाला कोण वाटतं?"

गौतमीनं एकदा मुक्ताबाईंकडं पाहिलं. मग तिनं जे फाटकावर सांगितलं नव्हतं ते सांगितलं.

"माझं माहेर वरवंडच्या बाजूचं. लहानपणी मी आईसंगं गिरणीत जायची. सगळ्यांच्या डब्यावर नावं असायची. आमच्या डब्यावर नसायचं. कारण तो रांगेत न्हवताच, बाहेर पायरीवर असायचा. सगळ्यांचं दळून झाल्यावर घ्यायचे. नावाची गरजच न्हाई, पायरीवरचा डबा कुणाचा ते गावाला ठाऊक. म्हणून मला आपलं वाटलं, त्या गावाच्या बाहेर बी कोणीतरी ऱ्हात असंल. जिला खूणच दिली न्हाई गावानं. भट्टी तर एकच. मग ती काय करंल? सगळ्यांच्या आधी येऊन गोळा ठेवंल. निदान भाजून तरी निघंल. आन् तो लाकूडतोड्या तिचाच नवरा असंल, संध्याकाळी येऊन खाणारा."

"लाकूडतोड्या," गुरुजी पुटपुटले. "तो तिथं कशाला आलाय हे मला कधी कळलंच नव्हतं. मी माझा शेवट लिहिला आणि तुमची ही बाई दाराबाहेरच राहिली."

मग भिंग हातात धरून, एकेका ओळीवर थांबत, त्यांनी मूळ शेवट मराठीत सांगितला.

मार्तानं मान वर केली आणि पाहिलं. पावलांच्या आवाजावरूनच तिनं आधी ओळखलं होतं. ती हलली नाही. आलेलं माणूस गोळा ठेवून निघून गेलं, दार पुन्हा लागलं, तरी ती ढिगाआडच बसून राहिली. उजाडल्यावर गाव जमलं. मुखियानं विचारलं, कोण होतं? मार्ता म्हणाली, म्हातारं माणूस मी, झोप लागली. मग ती फळीपाशी गेली. बिनखुणेचा गोळा तिनं उचलला, सगळ्यांच्या देखत त्यावर आपल्या घराची खूण दाबली, आणि म्हणाली, माझाच आहे तो, मोजण्यात चूक होत होती. मुखियाला काही बोलता येईना. आणि मार्तानं भट्टीचं दार उघडलं.

"एवढंच?" गौतमीनं विचारलं.

"एवढंच. कोण होतं ते तो लेखक सांगतच नाही."

गौतमीला आधी चुटपुट लागली, गाडी चुकावी तशी. मग हळूहळू तिच्या ध्यानात यायला लागलं, की त्या दारातून हौसरावचा मुखिया आत येऊ शकतो, दगडाबाईची सून येऊ शकते, तळ्यात पोर बुडालेली आई येऊ शकते आणि तिची स्वतःची आईसुद्धा, पायरीवरचा डबा घेऊन. मार्ता सगळ्यांनाच ओळखते. हजारो कोसांवरच्या कुणा माणसानं, जो कधी दौंडला आला नाही, गिरणीची पायरी ज्यानं पाहिली नाही, त्यानं दार उघडं ठेवलं होतं फक्त.

"जेवायला बसा आता," मुक्ताबाई म्हणाल्या. त्यांनी तीन ताटं वाढली. टोपल्यातली सगळ्यात वरची भाकरी काढून गौतमीच्या ताटात ठेवली. "खावा. रोजच एक जास्त असती आमच्याकडं. कुणी ना कुणी येतंच."

गुरुजी घास हातात धरून बायकोकडं बघत राहिले. त्यांच्या डोळ्यांतलं पाणी चष्म्याआडून दिसत होतं. मुक्ताबाईंनी आमटीची वाटी त्यांच्याकडं सरकवली आणि म्हणाल्या, "गार व्हायच्या आत खा."

दुसऱ्या दिवशी फाटकावरच्या गर्दीचा आवाज ऐकून स्टेशन मास्तरांनी फोनवर विचारलं, आज कुणी पुढारी येणार आहे का. गौतमीनं फक्त मूळ शेवट सांगितला. गुरुजींच्या घरचं ते घरचं; त्याबद्दल ती अवाक्षर बोलली नाही. एक्स्प्रेस गाडी धडधडत गेली, फाटक उघडलं आणि एकच गलका झाला.

"ही काय गोष्ट झाली?" हौसराव कडाडला. "आठ दिस डोकं खाल्लं आन् म्हणं झोप लागली! गुरुजींनी फसवलं तुमाला."

दगडाबाई मात्र पाटी डोक्यावर घेता घेता थांबली. "खूण दाबली व्हय तिनं? स्वतःची?"

"व्हय मावशी."

"लई शानी म्हातारी," दगडाबाई म्हणाली आणि बाजाराच्या वाटेला लागली.

नीलम मॅडमनं ती गोष्ट शाळेत सांगितली. चौथीच्या पोरांनी सव्वीस शेवट केले. एकात तर गोळा ठेवणारी मांजर होती. आणि हौसराव? त्यानं दोन दिवस तोंड फुगवलं. तिसऱ्या दिवशी टेम्पो बाजूला लावून गौतमीच्या खोलीवजा गुमटीपाशी आला आणि हळू आवाजात म्हणाला, "बाई, रात्री पडल्या पडल्या इचार केला. मुखियाच व्हता त्यो. म्हणून तर तिनं त्याच्या देखत खूण दाबली. त्याला वाचवला तिनं. आन् त्याला त्ये कळलं, म्हणून बोलता येईना. बरोबर हाय का न्हाई?"

"असंल बी, आप्पा."

"आसंल न्हाई, हायच. गुरुजींना सांगा."

तिनं गुरुजींना ते सांगितलं, कारण ती आता दर पंधरवड्याला शिरूरला जायला लागली होती. गुरुजींच्या आतल्या खोलीत एक लाकडी पेटी होती. तिच्यात इंग्रजी पुस्तकं भरलेली. नॉर्वेच्या, चीनच्या, आफ्रिकेच्या, कुठकुठल्या जुन्या गोष्टी. मोतीबिंदूनं त्यांना लिहिता येत नव्हतं. ते भिंग धरून एकेक वाक्य वाचायचे, मराठीत सांगायचे, आणि गौतमी दोनशे पानी वहीत उतरवून घ्यायची. शब्द अडला की भांडण व्हायचं. गुरुजी म्हणायचे 'तराफा', गौतमी म्हणायची आमच्या फाटकावर कुणाला कळायचं नाही. मग मुक्ताबाई चुलीपासून निवाडा द्यायच्या आणि तोच पक्का व्हायचा. शेवटाला हात लावायचा नाही, हे मात्र तिघांनी मिळून ठरवलं होतं.

फेब्रुवारीतल्या एका दुपारी गुरुजींनी नवी गोष्ट काढली.

"लिहा," ते म्हणाले. "समुद्रातल्या एका बेटावर महिन्यातून एकदाच टपालाची होडी यायची. त्या महिन्यात होडी आली ती एकच पत्र घेऊन. आणि ज्याच्या नावानं ते पत्र होतं, त्या नावाचा माणूस बेटावर कधी राहिलाच नव्हता."

गौतमीचं पेन थांबलं. "मग? उघडलं का कुणी?"

"आधी लिहा."

"न्हाई गुरुजी, आधी सांगा. मग लिहिते."

"अहो, मलाही माहीत नाही अजून," गुरुजी म्हणाले आणि भिंग पुढच्या ओळीवर सरकवलं. चुलीपाशी मुक्ताबाईंनी पदराला हात पुसले, पाट ओढला आणि त्या दोघांच्या मधे येऊन बसल्या.